रेपोला बांधलेलं कर्ज की कंपनीच्या पीएलआरचं? बडोद्यात घर घेणाऱ्यांसाठी

गोत्री असो, वासणा रोड असो की न्यू व्हीआयपी रोड, फ्लॅट पसंत पडून बानाखत (खरेदीचा करार) झालं की थोड्याच दिवसांत दोन कागद समोर येतात. एक बँकेचा, एक हाउसिंग फायनान्स कंपनीचा. दर बहुधा सारखाच, फार तर पाव टक्क्याचा फरक. मग माणूस प्रोसेसिंग फी कुणाची कमी ते बघतो आणि तिथे सही करतो. ही फी एकदाच जाते. वीस वर्षांत जो खरा खर्च होतो, तो तिसऱ्या-चौथ्या पानावरच्या दोन ओळींवर ठरतो: दर कशाला बांधलाय आणि तो कधी, कसा बदलतो. त्या ओळी दोन्ही कागदांवर वेगळ्या असतात.

हिशेबासाठी एकच उदाहरण धरू: ५० लाखांचा फ्लॅट, ४० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के, २० वर्षं. हप्ता ३४,७१३ रुपये. दर कधीच बदलला नाही तर एकूण भरणा ८३ लाख ३१ हजार, म्हणजे व्याजच ४३ लाख ३१ हजार. पहिल्या हप्त्यातले २८,३३३ व्याजात जातात, मुद्दल फिटतं ६,३८० रुपयांचं. इथपर्यंत बँक आणि कंपनी जुळी भावंडं. पण व्याजाचा दर वीस वर्षं एका जागी राहत नाही, आणि तो हलला की दोघांचे स्वभाव कळतात.

बँकांना १ ऑक्टोबर २०१९ पासून नव्या फ्लोटिंग (बदलत्या दराच्या) गृहकर्जाचा दर बाहेरच्या मापाला बांधावा लागतो. बहुतेकींनी रिझर्व्ह बँकेचा रेपो घेतला, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो. बडोद्यात १९०८ साली सयाजीरावांनी काढलेल्या आपल्या बँक ऑफ बडोदात त्याला बीआरएलएलआर म्हणतात, इतर ठिकाणी आणखी काही. नाव काहीही असो, रचना एकच: रेपो अधिक स्प्रेड, म्हणजे बँक वर लावते ते टक्के. रेपो ५.२५ आणि स्प्रेड २.६५ असेल तर दर ७.९०. तीन महिन्यांत निदान एकदा तो नव्याने लागू करावाच लागतो. स्प्रेडमधला जोखमीचा भाग कर्जदाराची पत बऱ्यापैकी बदलली तरच बदलता येतो. बाकीचा भाग तीन वर्षांत एकदा, कमी करायचा असेल तर त्याआधीही.

हाउसिंग फायनान्स कंपनीला हा नियम लागू नाही. तिचा पीएलआर (प्राइम लेंडिंग रेट, म्हणजे कंपनीचा मूळ दर) ती स्वतः ठरवते आणि त्यातून आपल्याला काही सूट देते. पीएलआरचा आकडा पाहून दचकायचं कारण नाही, तो मुद्दाम उंच ठेवलेला असतो. बघायची ती सूट. ती मंजुरीच्या दिवशी ठरते आणि तिथेच गोठते. बाजारात व्याज उतरलं की कंपनीला नवा ग्राहक हवा असतो, म्हणून त्याची सूट वाढते. पीएलआर मात्र तेवढा उतरत नाही, किंवा सावकाश उतरतो. मग एकाच मजल्यावर, एकाच कंपनीचं कर्ज असलेली दोन घरं वेगवेगळ्या दराने हप्ते भरत असतात, आणि जास्त दर जुन्या ग्राहकाचा.

माझा कल बँकेकडे झुकला तो इथेच. जुन्या ग्राहकाला नवा दर मिळतो, नाही असं नाही. पण त्यासाठी अर्ज करायचा आणि कन्व्हर्जन (दर बदलून घेण्याची) फी भरायची. कुठे ती ठरावीक रकमेची, कुठे शिल्लक मुद्दलाच्या टक्क्यात, वर १८ टक्के जीएसटी. समजा शिल्लक ३६ लाख आणि फी अर्धा टक्का: १८,००० अधिक ३,२४० जीएसटी, म्हणजे २१,२४०. दर अर्ध्या टक्क्याने उतरला तर पहिल्याच वर्षी साधारण अठरा हजारांचं व्याज वाचतं, म्हणजे फी सव्वा वर्षात वसूल. सौदा वाईट नाही. खटकतं ते हे, की कुणी बोलावत नाही. "तुमचा दर नव्या ग्राहकापेक्षा अर्ध्या टक्क्याने जास्त आहे, या आणि बदलून घ्या" असं पत्र येण्याची वाट पाहू नये. लक्षात यायला चार वर्षं लागली की साठ-सत्तर हजार गेलेले असतात. फी भरून बदलून घेतलं तरी दोन-तीन वर्षांनी पुन्हा तेच. वीस वर्षांच्या कर्जात हे पाच-सहा वेळा लक्षात ठेवून करणारी माणसं असतात, पण थोडी. रेपोच्या कर्जात असं लक्ष ठेवत बसावं लागत नाही. पतधोरणाच्या दिवशी बातम्यांत आकडा येतो, त्यात आपला स्प्रेड मिळवला की झालं.

उलट बाजूही खरी आहे. रेपो वर जातो तेव्हा बँकेचं कर्ज दया दाखवत नाही. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ वरून ६.५० वर गेला. २.६५ स्प्रेड धरला तर ६.६५ चा दर ९.१५ झाला. ६.६५ ने ४० लाखांचा वीस वर्षांचा हप्ता ३०,१७७ येतो, ९.१५ ने त्याच ४० लाखांचं नुसतं महिन्याचं व्याज ३०,५०० होतं. चढ टप्प्याटप्प्याने आली, तोवर मुद्दल थोडं फिटलं होतं म्हणून गाडी अगदीच उलटी फिरली नाही, पण वाढीच्या तोंडावर कर्ज घेतलेल्यांच्या हप्त्यातून मुद्दलाच्या वाट्याला जवळजवळ काही उरत नव्हतं. पीएलआरवाल्यांची चढ काही ठिकाणी थोडी हळू होती, हे मान्य करायला हवं. पण चढले तेही. २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.२५ पर्यंत उतरला, तेव्हा बँकेच्या कर्जदाराला अर्ज करावा लागला नाही.

आता दोन्हीकडे सारखाच असलेला आणि सर्वांत महाग पडणारा भाग. दर वाढला की हप्ता वाढवायचा की मुदत? आपण काही बोललो नाही तर बहुतेक ठिकाणी हप्ता तोच राहतो आणि मुदत गुपचूप लांबते. खात्यातून जाणारी रक्कम बदलत नाही, म्हणून कळतही नाही. वरच्याच कर्जाचा दर सुरुवातीलाच ८.५ वरून ९ झाला असं धरा. हप्ता वाढवला तर तो ३५,९८९ होतो: महिना १,२७६ जास्त, वीस वर्षांत ३ लाख ६ हजार. हप्ता ३४,७१३ च ठेवला तर कर्ज २४० ऐवजी २६७ महिने चालतं; सत्तावीस जादा हप्ते, साडेनऊ लाखांच्या आसपास. दरातला बदल तोच, भुर्दंड तिप्पट. बारा-तेराशे रुपये महिना टाळण्याची ही किंमत.

उतरत्या दरात हेच गणित आपल्या बाजूने चालतं. दर ९ वरून ८.५ झाला आणि हप्ता कमी न करता ३५,९८९ च चालू ठेवला, तर कर्ज जवळजवळ २१ महिने आधी संपतं. म्हणून बँकेने हप्ता कमी करून दिला तर खूश होण्याआधी जुनाच हप्ता ठेवायचा अर्ज द्यावा.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने हप्ता, मुदत किंवा दोन्ही बदलण्याची निवड कर्जदाराला दिली. हे कंपन्यांनाही लागू आहे. दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, चालू हप्ता, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर यांचं विवरणही मिळायला हवं. त्यातला एकच आकडा बघितला तरी चालेल: उरलेले हप्ते. मागच्या तिमाहीपेक्षा तो तीनने कमी नसेल तर मुदत लांबली आहे. त्याच आठवड्यात शाखेत लेखी अर्ज द्यायचा, "मुदत मूळची ठेवून हप्ता वाढवा", आणि पोच घ्यायची. तोंडी सांगितलेलं टिकत नाही.

मग कंपनीकडे जायचंच नाही का? तसं नाही. मांडवी, वाडी, रावपुरा भागातली जुनी घरं, ज्यांच्या सिटी सर्व्हेच्या प्रॉपर्टी कार्डावर अजून आजोबांचं नाव आहे. शहरात नंतर आलेल्या गावांतली टेनामेंट, जिथे बिनखेतीचा हुकूम एका तारखेचा आणि रजा चिठ्ठी (बांधकाम परवानगी) दुसऱ्याच नकाशाची. किंवा विवरणपत्रात कमी पण दुकानात जास्त दिसणारं उत्पन्न. अशा ठिकाणी बँकेचा वकील सर्च रिपोर्टवर (मालकीच्या तपासाच्या अहवालावर) तीन शंका लिहून फाइल परत पाठवतो आणि कंपनी तिच्यावर काम करते. दर थोडा जास्त लावते, पण बानाखताची मुदत सांभाळते. बानाखताचे पैसे बुडण्यापेक्षा अर्धा टक्का परवडला. पगारदार, स्वच्छ टायटल, बीयू परमिशन (इमारत वापरायची परवानगी) हातात, असं असेल तर मात्र मला कंपनीकडे जाण्याचं विशेष कारण दिसत नाही.

विम्याकडेही नीट बघा. दोन्हीकडे मंजुरीच्या वेळी कर्जविमा पुढे सरकवतात, एकरकमी प्रीमियम "कर्जातच टाकून देतो" म्हणून. १ लाख २० हजारांचा प्रीमियम कर्जात टाकला की त्याचा हप्ता महिना १,०४१ होतो आणि वीस वर्षांत त्याचे अडीच लाख भरले जातात. विमा हवाच, पण वेगळी टर्म पॉलिसी घेऊन वर्षाला प्रीमियम भरलेला बरा. कर्ज दुसरीकडे नेलं तरी ती आपल्याबरोबर येते. कर्जासाठी हा विमा घ्यायची सक्ती नाही. १ ऑक्टोबर २०२४ नंतरच्या मंजुरीसोबत केएफएस (की फॅक्ट्स स्टेटमेंट) हा कागद द्यावाच लागतो; फी, विमा, कायदेशीर खर्च मिळवून पडणारा वार्षिक दर त्यात असतो. दोघांचे केएफएस शेजारी ठेवून तो दर बघा. तिथे न लिहिलेलं शुल्क आपल्या संमतीशिवाय लावता येत नाही.

स्वतःच्या खिशातून जाणारे पैसे दोन्हीकडे सारखेच. ३० ते ७५ लाखांच्या कर्जात किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच मिळतं आणि त्या किमतीत स्टॅम्प ड्युटी धरत नाहीत. म्हणजे १० लाख हातचे, वर गुजरातची ४.९ टक्के ड्युटी, २ लाख ४५ हजार. नोंदणी फी १ टक्का. दस्तावेज (खरेदीखत) फक्त महिलेच्या नावाने असेल तर ती माफ. बीयू यायची असेल तर ४५ लाखांवरच्या फ्लॅटला ५ टक्के जीएसटी, इथे अडीच लाख. शिवाय ताबा मिळेपर्यंत उचललेल्या रकमेवर प्री-ईएमआय: २० लाख उचलले असतील तर महिना १४,१६७, आणि त्यातून मुद्दलाचा एक रुपया फिटत नाही. दीड वर्षात अडीच लाख. तयार फ्लॅट दोन-तीन लाखांनी महाग वाटतो तेव्हा हे आठवावं.

"करात सूट मिळते ना" हा जुना आधार आता लंगडा आहे. नव्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची २ लाखांची वजावट नाही. जुनीत असाल तर तीस टक्क्यांच्या टप्प्यात वर्षाला ६२,४०० वाचतात, पण त्यासाठी जुनी प्रणाली एकूण परवडते का ते आधी बघा.

हप्त्याशिवाय वर्षाला एक जादा हप्ता, दिवाळीच्या बोनसचा म्हणा, मुद्दलात टाकला तर हेच वीस वर्षांचं कर्ज १६ वर्षं ९ महिन्यांत संपतं आणि साधारण आठ लाख वाचतात. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंड नाही, बँकेत नाही आणि कंपनीतही नाही. भरताना पावतीवर "हप्ता तोच, मुदत कमी" असं लिहून घ्यायचं. व्यापारी मंडळींसाठी ओव्हरड्राफ्टसारखं गृहकर्ज खातंही असतं. दर किंचित जास्त, पण गल्ल्यातली रक्कम रोज रात्री व्याज खाली आणते. ज्याच्या खात्यात पैसे टिकतात त्यानेच घ्यावं.

कागदपत्रांमुळे कंपनीकडे जावं लागलं, तर एक मधला रस्ता आहे. दस्तावेज झाला, प्रॉपर्टी कार्डावर नाव चढलं, वर्षभर हप्ते वेळेवर गेले, की बँकेत बदली मागायची. शिल्लक मुद्दल मोठं असतानाच, म्हणजे पहिल्या पाच-सात वर्षांत. नंतर व्याज बरंचसं देऊन झालेलं असतं. आधी कंपनीलाच कन्व्हर्जनचा दर लेखी विचारायचा, बदलीचं बोलणं निघालं की तो बरेचदा खाली येतो. बदलीचा खर्च मांडताना नवी प्रोसेसिंग फी, वकील आणि मूल्यांकन, गहाणखताची स्टॅम्प ड्युटी पुन्हा एकदा, आणि चेक निघाल्यापासून तो कंपनीकडे जमा होईपर्यंतच्या दिवसांचं दुहेरी व्याज, हे चारही धरा. मुदत पुन्हा वीस वर्षांची करू देऊ नका, उरलेली असेल तेवढीच लिहून घ्या. कर्ज चुकतं झाल्यावर ३० दिवसांत मूळ कागद परत द्यावे लागतात, त्यांच्याकडून उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. कागद हलण्याआधी कंपनीकडून लिस्ट ऑफ डॉक्युमेंट्स मागून घ्या आणि आपल्याजवळच्या झेरॉक्सशी एकेक पान ताडून बघा; बिल्डरने दिलेली जुनी पावती गहाळ असल्याचं नेमकं याच टप्प्यावर कळतं.