पीपीएसएसपीपी: गेम उडवायचा तर नीट बघून उडवा

माझ्या ६४ जीबीच्या जुन्या फोनवर पीपीएसएसपीपी टाकून दोन वर्षं झाली, म्हणजे पीएसपीचे (सोनीचं हातात धरून खेळायचं गेमिंग यंत्र) गेम फोनवर चालवणारा एम्युलेटर. ॲप मस्तच आहे, फुकट आहे आणि गेम मख्खन चालतात. पण परवा फोन म्हणाला स्टोरेज फुल, मग बसलो साफसफाईला.

तर झालं असं की मी येडा इतके दिवस 'रीसेंट' टॅबमधून गेम काढत होतो आणि वाटायचं गेला एकदाचा. कुठला गेला! त्याने फक्त लिस्टमधलं नाव जातं, फाईल तिथेच ठाण मांडून. खरा उपाय म्हणजे गेमच्या चित्रावर बोट दाबून धरायचं, मग जी स्क्रीन येते त्यात गेम किती एमबी, सेव्ह डेटा (गेममध्ये आपण जतन केलेली प्रगती) किती हे वेगवेगळं लिहिलेलं असतं, ही गोष्ट मला फार आवडली, आणि तिथेच 'डिलीट गेम' आहे. शेजारचं 'डिलीट सेव्ह डेटा' मात्र घाईत दाबू नका राव, मी दाबलं, रात्री जागून केलेलं सगळं पाण्यात. चूक माझीच, विचारलं होतं त्याने.

पीएसपीची डिस्क १.८ जीबीपर्यंतची, त्यामुळे चार गेम उडवले तरी फोन मोकळा श्वास घेतो. जे ठेवायचेत ते आयएसओचे (डिस्कची जशीच्या तशी कॉपी असलेली फाईल) सीएसओ (तीच फाईल दाबून लहान केलेली) करून टाका, जागा बऱ्यापैकी वाचते. आणि हो, गेम काढला तरी सेव्ह स्टेट (खेळताना कुठल्याही क्षणी ॲपने जतन केलेली गेमची स्थिती) 'पीपीएसएसपीपी_स्टेट' फोल्डरमध्ये राहतात, ते फाईल मॅनेजरमधून हाताने काढावे लागतात, एवढ्यासाठी अर्धा स्टार कापला. साडेचार.