ई-कोर्ट्स सर्व्हिसेस अ‍ॅप : आमचा दावा वाचला तो यामुळे

कोर्टात एकही केस चालू असेल त्या प्रत्येकाने हे अ‍ॅप आजच टाकून घ्या, फुकट आहे.

आण्णांचा साठेखताचा दावा तालुक्याच्या कोर्टात चालू होता, इसार देऊन बसलेलो आणि समोरचा खरेदीखत करून देईना म्हणून. गुडघ्याच्या ऑपरेशननंतर आण्णांचं तारखेला जाणं बंद झालं, वकील म्हणाले तुम्ही नाही आलात तरी चालेल मी बघतो, आणि आम्ही पण निवांत राहिलो. दिवाळीत घरी गेलो तेव्हा सहज अ‍ॅपमध्ये सीएनआर नंबर टाकला (केसचा ओळख क्रमांक, १६ अक्षर-आकड्यांचा असतो, तो नसेल तर पक्षकाराचं नाव आणि वर्ष टाकूनही केस सापडते) तर स्क्रीनवर केस डिस्पोज्ड, म्हणजे निकाली!! खाली केस हिस्ट्रीत शेवटच्या तारखेवर बोट दाबलं की त्या दिवशी काय झालं ते उघडतं, तिथे होतं की पुकारा केला, वादी आणि वकील गैरहजर, प्रतिवादी हजर, दावा डिफॉल्टमध्ये काढून टाकला. वकील त्या दिवशी दुसऱ्या कोर्टात होते. आण्णा कितीतरी वेळ काही बोललेच नाहीत.

हे किती गंभीर आहे ते मला नंतर कळलं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ९ रूल ८ खाली असा दावा गेला की रूल ९ प्रमाणे त्याच कारणावरून नवीन दावा लावता येत नाही, तोच दावा रिस्टोर, म्हणजे परत चालू करून घ्यावा लागतो. त्यासाठी मुदत किती, तर काढून टाकल्या तारखेपासून फक्त ३० दिवस. आमचे १९ गेले होते. मुदत उलटली तर विलंब माफीचा वेगळा अर्ज, प्रत्येक दिवसाचा हिशोब द्या, ती वेगळीच धावपळ. (दोन्ही बाजू गैरहजर असतील तर रूल ३ लागतो, तिथे मुदतीत असाल तर नवीन दावाही लावता येतो, म्हणून ऑर्डर नीट वाचा.)

मग हॉस्पिटलचे कागद, अ‍ॅफिडेव्हिट सगळं जोडून ११ दिवसांच्या आत अर्ज दिला. नव्या वकिलांनी सुप्रीम कोर्टाचा १९८१ चा रफिक विरुद्ध मुन्शीलाल दाखवला, वकील आला नाही म्हणून पक्षकाराचं नुकसान नको असं त्यात आहे, पण ते स्वतःच म्हणाले की नुसतं यावर विसंबू नका, पक्षकारानेही लक्ष ठेवलं पाहिजे असंही कोर्ट सांगतं. शेवटी कॉस्ट (कोर्टाने भरायला लावलेला खर्च) भरून दावा परत बोर्डावर आला.

अ‍ॅपमधलं मला सगळ्यात आवडलेलं म्हणजे माय केसेस. एकदा केस सेव्ह केली की परत शोधावी लागत नाही, पुढची तारीख आणि ती कशासाठी आहे, पुरावा की युक्तिवाद, दोन्ही दिसतं, ऑर्डरची पीडीएफ पण उतरवून घेता येते. फक्त एक, कोर्टात एंट्री झाल्यावरच तारीख दिसते, त्यामुळे वकिलांना फोन करणं सोडू नका. मी दर रविवारी रिफ्रेश करून आण्णांना सांगतो.

माझ्याकडून ५ पैकी ५. येत्या तारखेला आण्णांची साक्ष आहे, मी रजा टाकलीय, गाडीने घेऊन जाणार आहे त्यांना.