नेल पेंटर यांचं कोणतं पुस्तक आधी वाचावं?

वंशभेद, मन आणि समाज यांचं नातं समजून घ्यायचंय, पण अमेरिकी इतिहासकार नेल पेंटर यांच्या दोन पुस्तकांत अडकलाय, अशांसाठी हे.

‘द हिस्टरी ऑफ व्हाइट पीपल’ (२०१०) प्राचीन ग्रीकांपासून विसाव्या शतकापर्यंत येतं. पट मोठा, नावं भरपूर; वेळ काढावा लागतो. ‘सदर्न हिस्टरी अक्रॉस द कलर लाइन’ (२००२) हा निबंधसंग्रह, सुटा सुटा वाचता येतो.

मानसशास्त्र मात्र दुसऱ्यातच खोल आहे. अमेरिकी गुलामगिरीतली मारहाण, लैंगिक अत्याचार गुलामांची मनं तर मोडतातच, पण ती हिंसा मालकांच्या कुटुंबांतही मुरते, हे पेंटर दाखवतात. वाचताना जीव कासावीस होतो. पहिल्यात बुद्धिमापन चाचण्या येतात, त्या वंशांची उतरंड पक्की करणारं हत्यार म्हणून.

‘गोरेपणा’ची कल्पना कशी रचली गेली हे हवं असेल तर पहिलं घ्या, माणसांवर काय गुदरलं हे हवं असेल तर दुसरं.