उताणं झोपू न देणारा पट्टा: काम चोख, पण अर्धंच

जाग आलेली असते, पण स्वप्नांच्या झोपेत सैल पडलेले स्नायू अजून हुकूम ऐकत नाहीत; याला स्लीप पॅरालिसिस म्हणतात. छातीवर कुणी बसल्याचा भास होतो तो याच वेळी. उताणं झोपल्यावर हा प्रकार जास्त घडतो, म्हणून पाठीवर फोमचा उंचवटा असलेला हा पट्टा. उंचवटा दोन खांद्यांच्या मधोमध हवा. वेल्क्रो सैल राहिलं की तो कमरेकडे घसरतो आणि माणूस खुशाल उताणा होतो. फार आवळलात तर छातीवरचा दाब आणखी घाबरवेल, दोन बोटं आत जातील इतपत ठेवा. कुशीवर ठेवण्याचं काम चोख. अपुऱ्या झोपेनंही मात्र हा प्रकार घडतो, म्हणून जागरणं चालूच ठेवलीत तर पैसे वाया. दिवसाही अनावर झोप येत असेल तर आधी डॉक्टरांना गाठा.