गोदो पडद्यावर: 1961 चा की 2001 चा?

'वेटिंग फॉर गोदो' हे सॅम्युएल बेकेटचं नाटक: व्लादिमीर आणि एस्ट्रॅगॉन ही दोन माणसं एका झाडापाशी गोदोची वाट पाहत राहतात. नाट्यमंडळातल्या मुलांना ते पडद्यावर दाखवायचं तर दोन चित्रणं विचारात घ्यावीत. एक ॲलन श्नायडरने 1961 मध्ये अमेरिकी टीव्हीसाठी केलेलं, कृष्णधवल. दुसरं मायकेल लिंडसे-हॉगचं, बेकेटची 19 नाटकं चित्रित करणाऱ्या आयरिश उपक्रमातलं, 2001 चं.

नटांसाठी पाहायचं असेल तर जुनं चित्रण जरूर पाहा. त्या दोघांच्या भूमिकांतले झीरो मॉस्टेल आणि बर्जेस मेरेडिथ हशा नेमका कुठे येणार ते ओळखून असतात. ॲल्विन एपस्टीनने लकी, म्हणजे वाटेने येणाऱ्या पोझोचा दोराने बांधलेला नोकर, 1956 मध्ये ब्रॉडवेवर केला होता. लकीचं ते लांबलचक, मोडकं भाषण त्याच्या जिभेवर पक्कं बसलेलं आहे.

अडतं ते पडद्याच्या चौकटीपाशी. लकीच्या गळ्यातला दोर एवढा लांब हवा की तो रंगमंचाच्या मध्यावर पोचला तरी दोराचं दुसरं टोक धरणारा पोझो अजून विंगेतच असतो. कॅमेरा जवळ आला की दोराची लांबी गेली, आणि तिच्याबरोबर पोझोची सत्ताही. दुसऱ्या अंकात व्लादिमीर आणि एस्ट्रॅगॉन तीन टोप्यांची अदलाबदल करतात. दोन्ही डोकी आणि चारही हात एकदम दिसले तरच त्यातली गंमत कळते. शेवटी एस्ट्रॅगॉन कमरेची दोरी सोडतो आणि पँट घोट्यांवर येते, तिथे तर पूर्ण माणूसच दिसायला हवा. 1961 मध्येच बीबीसीनेही हे नाटक दाखवलं, तेव्हा बेकेटची तक्रार हीच होती: मोठ्या जागेत अडकलेल्या छोट्या माणसांचं हे नाटक, आणि टीव्हीच्या या डब्यात माणसंच जागेपेक्षा मोठी झाली आहेत.

2001 च्या चित्रणात दगडगोट्यांचा उजाड माळ आहे, झाडाभोवती मोकळीक आहे. बॅरी मॅकगव्हर्न आणि जॉनी मर्फी यांनी डब्लिनच्या गेट थिएटरमध्ये व्लादिमीर आणि एस्ट्रॅगॉनच्याच भूमिका केलेल्या, त्यामुळे शांततेच्या जागा ते घाईने भरून काढत नाहीत. नवख्या प्रेक्षकाला हे कदाचित संथ वाटेल. कॅमेरा इथेही अधूनमधून चेहऱ्यांजवळ जातो. तरी माझा कल इकडेच.

साधारण दोन तास लागतात. मोबाइलवर नको, मोठा पडदा घ्या. पहिल्या अंकानंतर दहा मिनिटं थांबा, म्हणजे दुसऱ्या अंकात झाडाला फुटलेली चार-पाच पानं मुलांच्या डोळ्यांत भरतील. वेळ उरला तर 1961 मधलं लकीचं भाषण तेवढं लावा, संहिता हातात ठेवून: बाकीचे तिघे कुठे अस्वस्थ होतात आणि कुठे त्याच्यावर झडप घालतात, हे रंगसूचनांतच लिहिलेलं आहे.