टायपिंग, झेरॉक्स, भाषांतर: तांबूस डागाला रक्त न म्हणणारं दुकान

कोल्हापुरात सीपीआर हॉस्पिटलपासून चालत पाच मिनिटांवर, बोळात, जिन्याखाली एक खोली आहे. पाटीवर दुकानाचं नाव नाही. ‘टायपिंग, झेरॉक्स, भाषांतर’ एवढंच, आणि त्यातलाही शेवटचा ‘र’ पावसानं धुऊन नेलाय. आत दोन कॉम्प्युटर, एक कुरकुरणारं मशीन आणि काका. मी फौजदारी वकिली करते. खुनाच्या एका अपिलाचं पेपरबुक, म्हणजे खालच्या कोर्टातल्या मराठी कागदांचा इंग्रजीत केलेला, बांधलेला संच, यांच्याकडून करून घेतलं.

18 ऑगस्ट 2025 पासून इथं मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच बसतंय. सहा जिल्ह्यांची अपिलं आता कोल्हापुरात, त्यामुळं भाषांतरवालेही पावसाळ्यातल्या छत्र्यांसारखे उगवलेत. मीही आधी दुसऱ्याच एका ठिकाणी गेले होते. स्वस्त, चार दिवसांत काम हातात. घरी नेऊन वाचलं आणि घाम फुटला.

आमची केस पूर्ण परिस्थितीजन्य. खून करताना बघणारा कुणी नाही. अशिलाला जन्मठेप लागली ती तीन गोष्टींवर: मयताबरोबर शेवटचं दिसणं, त्यानं काढून दिलेलं खुरपं, आणि शर्टावरचे डाग. अशा केसमध्ये एकेक दुवा आधी स्वतंत्रपणे सिद्ध व्हावा लागतो आणि मग साखळी अशी जुळावी लागते, की आरोपी सोडून दुसऱ्या कुणाकडं बोट जाऊच नये. 1984 च्या शरद बिरधीचंद सारडा निकालातल्या पाच कसोट्यांना आम्ही पंचशील म्हणतो. प्रकरण पुण्याचं. सत्र न्यायालयानं फाशी दिली, मुंबई उच्च न्यायालयानं ती कायम केली, आणि सर्वोच्च न्यायालयात माणूस सुटला. आरोपी दोषी ‘असू शकतो’ आणि ‘असलाच पाहिजे’ यांत अंतर आहे, हे त्याच्याही आधी 1973 च्या बोबडे निकालात सांगून झालंय. भाषांतर करणाऱ्याच्या हातात ते अंतर एका शब्दाचं असतं.

तर पहिल्या भाषांतरात जप्ती पंचनाम्यातले ‘तांबूस डाग’ सरळ ‘ब्लडस्टेन्स’ झाले होते. पंचानं रक्त म्हटलेलंच नाही. ते सांगणं सी.ए.चं, म्हणजे सरकारी रासायनिक विश्लेषकाचं काम, आणि सी.ए. रिपोर्टात रक्त माणसाचं असलं तरी गट निश्चित झालेला नाही. खुरप्याचं ‘सिकल’, म्हणजे विळा, केलं होतं. त्या माणसानं जन्मात भांगलण, म्हणजे शेतातली खुरपणी, बघितलेली नसावी! डॉक्टरांनी जखमेची रुंदी, खोली सगळं सांगितलंय. हत्याराचं नाव बदललं की पातंच बदलतं. आरोपीचं म्हणणं पंचांसमोर लिहून घेतात त्या निवेदन पंचनाम्यात तर दोन वाक्यं जोडून एक केलेलं. पोलिसांसमोर आरोपी जे बोलला त्यातलं फक्त वस्तू सापडण्यापुरतंच पुराव्यात येतं, हे 1947 च्या कोट्टाया निकालापासून ठरलेलं आहे. जुन्या पुरावा कायद्यातलं कलम 27, आता नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमात कलम 23 च्या परंतुकात. ‘खुरपं काढून देतो’ चालतं, ‘त्याच खुरप्यानं मारलं’ चालत नाही. दोन्ही एका वाक्यात घातली, की मी कात्री कुठं लावायची?

ते भाषांतर मूळ कागदांसकट काकांकडं दिलं, तर त्यांनी हे सगळं मी न सांगता पकडलं. तिसऱ्या दिवशी फोन आला.

“मॅडम, ह्येनी पाणंदीचं रोड केलंय.”

“राहू दे काका, तेवढं चालतंय.”

मला रोड सोयीचा होता. रोडवरनं कुणीही येतं-जातं, कुणीही बरोबर दिसतं. पाणंदीतनं दोघं दिवस मावळल्यावर चाललेत म्हणजे शेताकडंच चाललेत.

“तुमचं चालतंय, पर खाली सही माझी हाय.”

शेवटी त्यांनी ‘पाणंद’ तसंच ठेवून तळाला ‘शेतांमधली अरुंद वाट’ अशी टीप इंग्रजीत टाकली. माझा एक मुद्दा गेला. दोन दिवस मी त्यांच्यावर धुमसत होते. मग वाटलं, सरकारी वकिलांच्या हातात मूळ मराठी कागद असणारच. रोडवर मला पकडलं असतं, तर तांबूस डागाचा माझा खरा मुद्दाही कुणी सरळ मनानं ऐकला नसता.

आता तक्रारी. आठ दिवस म्हणाले, अकरा लागले. पानाला 90 रुपये, 212 पानांचे 19,080, तेही रोख. क्यूआर कोड भिंतीवर आहे पण तो भाच्याचा आहे म्हणे, त्यावर घेत नाहीत. अनुक्रमणिकेत निशाणी 34 दोनदा आली होती, ती मीच काढली. स्पायरल बाइंडिंग तर अगदीच बेकार, दुसऱ्यांदा उघडल्यावर पानं निसटायला लागली. ते बाहेरून करून घ्या. बसायला एकच स्टूल आहे आणि त्यावर बहुतेक वेळा कुणाचा तरी मुद्देमाल यादीचा गठ्ठा असतो.

पेनड्राइव्ह घेऊन जा. खुनाच्या केसचे कागद काका व्हॉट्सॲपवर पाठवत नाहीत, कितीही गयावया केली तरी.