काचेच्या निगेटिव्ह आहेत का घरात? सोलापुरात नवी पेठेतल्या स्टुडिओवाल्या काकांकडेच न्या

माळ्यावर जुन्या चादरीत गुंडाळलेल्या 11 काचेच्या निगेटिव्ह सापडल्या, पणजोबांच्या काळातल्या. आधी दुसऱ्या एका दुकानात एक दिली तर त्यांनी गरम पाण्याच्या फडक्यानं पुसली आणि चेहराच फडक्याला निघून आला, अजून आठवलं की जीव तुटतो.

मग नवी पेठेच्या बोळातल्या जुन्या स्टुडिओत गेलो. काकांनी प्लेट कडेनं धरली, ट्यूबलाइटखाली तिरकी केली आणि म्हणले, चकचकीत बाजू नुसती काच, मॅट बाजूला चित्र, तिकडं बोट लावायचं नाही. कडेला निळसर चंदेरी झाक होती, ती आतली चांदीच वर आलीय म्हणे. चित्र जिलेटिनच्या थरात असतं, जिलेटिन म्हणजे एक प्रकारचा सरसच, गरम पाणी लागलं की सुटणारच! आपल्याकडं उन्हाळ्यात नळालाच गरम पाणी येतं, म्हणून पूर्वी तुरटीच्या पाण्यात बुडवून थर घट्ट करायचे.

त्याच्याही आधीची ओली प्लेट काकांनी अशी सांगितली की मी तासभर उठलोच नाही. 1851 ला फ्रेडरिक स्कॉट आर्चरनी ती पद्धत छापून सगळ्यांना खुली केली, पेटंट घेतलं नाही. ईथर आणि अल्कोहोलमध्ये गनकॉटन (आम्लात भिजवून केलेला कापूस) विरघळवून केलेलं कलोडियन नावाचं चिकट द्रावण, त्यात आयोडाइड, ते काचेवर ओतून चारी कोपऱ्यांना फिरवायचं, मग सिल्व्हर नायट्रेटमध्ये बुडवायचं आणि ओली आहे तोवरच फोटो काढून डेव्हलपसुद्धा करायचा, सगळं दहा-पंधरा मिनिटांत, नाहीतर प्लेट वाया. सोलापूरच्या मे महिन्यात ईथर किती टिकणार सांगा! 1871 ला मॅडॉक्सनी जिलेटिनचा मार्ग दाखवला, मग डब्यात तयार कोरड्या प्लेटा मिळायला लागल्या, आमच्या त्यातल्याच.

काम एक नंबर. काच आणि ब्रोमाइड पेपर (फोटो छापायचा कागद) फ्रेममध्ये समोरासमोर दाबून काँटॅक्ट प्रिंट काढतात, त्यामुळं फोटो प्लेटएवढाच येतो पण पणजीच्या इरकलीच्या काठातला धागा न धागा मोजता येतो. कपाळावर काळा ठिपका दिसला, मला वाटलं पंढरपूरचा बुक्का, पण ते कुंकू होतं, त्या प्लेटांना लाल रंग दिसायचाच नाही म्हणून काळं आलंय. आई बराच वेळ त्यावरून बोट फिरवत बसली.

एका प्लेटचे 350 रुपये, स्कॅन पेनड्राइव्हवर देतात. वेळ मात्र लागतो, सहा प्लेटांना तीन आठवडे गेले आणि दुपारी 1 ते 4 दुकान बंद. उरलेल्या चार गड्डा (सिद्धेश्वराची जत्रा) झाला की नेऊन देणारे.